लांबण : ताणली की काळ वाढवणाऱ्या एका काल्पनिक पदार्थाचे नियम काय असावेत?

शहापूरचा लेखनिक

नमस्कार मंडळी. यंदा एका दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहायला घेतली आहे आणि ती तिसऱ्या पानावरच अडून बसली आहे, म्हणून हा धागा काढतो आहे.

कथा बेळगावातच घडते. उद्यमबागेत हायड्रॉलिक सिलिंडरची रबरी सील बनवणाऱ्या एका लहानशा कारखान्यात प्रेसवर काम करणाऱ्या मुलाच्या हाती एक विलक्षण पदार्थ लागतो. दिसायला तो सायकलच्या जुन्या ट्यूबसारखा आहे, काळा आणि हाताला किंचित चिकट. पण त्याचा पट्टा खोलीभोवती गुंडाळून ताणला, की पट्टा जितक्या पटीने लांबतो तितक्याच पटीने खोलीतला काळ लांबतो. एक मीटरचा पट्टा तीन मीटर झाला, तर बाहेर एक तास जाईपर्यंत आत तीन तास मिळतात. या पदार्थाचे नाव मी ‘लांबण’ ठेवले आहे. ‘उगीच लांबण लावू नकोस’ असे म्हणून आजी जिच्यावरून मला दटावायची, तीच ही लांबण. कारखान्यातला कन्नड बोलणारा सोबती तिला ‘एळे’ म्हणतो, कारण त्याच्या भाषेत एळे म्हणजे ओढणे.

मुलाच्या बहिणीची परीक्षा सकाळी आहे आणि अभ्यास मुळीच झालेला नाही. तो लांबण घरी आणतो, रात्रभर ताणून धरतो, बहिणीला एका रात्रीत तीन रात्री मिळतात. येथपर्यंत लिहून झाले आणि लक्षात आले, की पुढे काहीच घडत नाही. ज्या वस्तूला काही मोल द्यावे लागत नाही, तिच्याभोवती कथा उभी राहत नाही. जाणकारांना विनंती अशी, की लांबण हा पदार्थ खरोखर असताच, तर त्याने कोणते नियम पाळले असते ते सांगावे. कथेत एक जादू चालेल, पण एकदा ती मान्य केल्यावर पुढे लबाडी नको.

यळ्ळूरचे मास्तर

लेखनिक, नाव झकास आहे. आता थोडा खोडा घालतो.

काळ सगळीकडे सारख्या वेगाने जात नाही, एवढे तुम्ही गृहीत धरले आहे आणि ते खरेच आहे. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोघा शास्त्रज्ञांनी सिझियमची अतिशय अचूक अणुघड्याळे प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली, तेव्हा पूर्वेकडे गेलेली घड्याळे सुमारे ५९ नॅनोसेकंदांनी (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) मागे पडली होती आणि पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंदांनी पुढे गेली होती. वेगाप्रमाणे उंचीचाही परिणाम होतो. आपले बेळगाव समुद्रसपाटीपासून साधारण ७५० मीटर उंचावर आहे, त्यामुळे पणजीच्या किनाऱ्यावरील घड्याळाच्या तुलनेत आपले घड्याळ वर्षाकाठी सुमारे अडीच मायक्रोसेकंद पुढे जाते. चोर्ला घाट चढून वर राहायला आल्याचा हा नफा समजा. ऐंशी वर्षे येथे काढली, तरी तो एका सेकंदाच्या पाच हजाराव्या भागाएवढाच भरतो.

तुम्हाला मात्र सरळ तिप्पट काळ हवा आहे. हरकत नाही, पण मग प्रकाशाचा हिशेब द्यावा लागेल. बाहेर एका सेकंदात प्रकाशाची जेवढी आंदोलने होतात, तेवढी आतल्या बहिणीला तीन सेकंदांत मिळणार. म्हणजे वारंवारता एकतृतीयांश झाली आणि तरंगलांबी तिप्पट. हिरवा प्रकाश ५५० नॅनोमीटरचा असतो. तो आत पोहोचेपर्यंत १६५० नॅनोमीटरचा, म्हणजे अवरक्त झालेला असेल आणि डोळ्यांना दिसणारच नाही. अतिनील प्रकाश ताणून तरी दृश्य होईल का? तेही नाही, कारण जमिनीपर्यंत पोहोचणाऱ्या उन्हात ३०० नॅनोमीटरपेक्षा आखूड लहरी जवळजवळ नसतातच, आणि ३०० ची तिप्पट ९०० म्हणजे पुन्हा अवरक्तच. तेव्हा खिडकीबाहेर भर दुपारचे ऊन असले तरी तुमच्या खोलीत काळोख राहील.

थंडीचेही तसेच. बाहेरच्या भिंती २७ अंश सेल्सिअसच्या, म्हणजे ३०० केल्विनच्या (केल्विन म्हणजे सेल्सिअसमध्ये २७३ मिळवून येणारे तापमान) असल्या, तर त्यांच्याकडून येणारी उष्णता आतल्या मुलीला १०० केल्विनच्या वस्तूकडून आल्यासारखी जाणवेल, म्हणजे उणे १७३ अंश. आणि बाहेर उभ्या असलेल्या भावाला काय दिसेल, ते ऐका. बहिणीच्या शरीराचे तापमान सुमारे ३१० केल्विन आहे. बाहेरून ते ९३० केल्विनचे, म्हणजे सुमारे ६५७ अंश सेल्सिअसचे दिसेल. वस्तू साधारण ५२५ अंशांच्या पुढे गेली की डोळ्यांना लालसर दिसू लागते. म्हणजे आत बसलेली मुलगी गारठून काकडते आहे आणि दारातून पाहणाऱ्या भावाला ती आपल्याकडच्या फाउंड्रीत भट्टीतून नुकत्याच काढलेल्या लोखंडासारखी लाल दिसते आहे.

तिने अभ्यासासाठी आत ६० वॅटचा दिवा नेला, तर त्याच्या प्रकाशाचा प्रत्येक कण बाहेर तिप्पट ऊर्जेचा होऊन येईल आणि असे कण तिप्पट दराने येतील, म्हणजे ५४० वॅट. शिवाय ६५० नॅनोमीटरचा तांबडा प्रकाश २१७ नॅनोमीटरचा अतिनील होऊन बाहेर पडेल. भावाने डोळे सांभाळावेत.

तुमची कथा येथेच आहे असे मला वाटते. मोल शोधायला लांब जायला नको.

निपाणीकर

मास्तर, ही कथा आहे की प्रयोगवही? वाचकाला बहिणीची परीक्षा हवी असते, केल्विन नको असतात.

उद्यमबागेतला निवृत्त

मी सदतीस वर्षे रबर मोल्डिंगमध्ये काढली आहेत, त्यामुळे काळाविषयी नाही, पण ताणाविषयी चार शब्द लिहितो.

लेखनिक, तुम्ही रबर ताणताना ते फक्त लांबते असे धरून चालला आहात. घरातले एखादे रुंद रबरबँड घ्या, ओठांना टेकवा आणि झटकन ताणा. ऊब लागेल. ताणलेलेच थोडा वेळ धरून ठेवा, ऊब जाऊ द्या, मग एकदम सैल सोडून पुन्हा ओठांना लावा. गार लागेल. जॉन गफ नावाच्या एका अंध निरीक्षकाने १८०५ मध्ये हे असेच ओठांवर ओळखले होते आणि पुढे १८५९ मध्ये जूल या शास्त्रज्ञाने ते रीतसर मोजले. दुसरे असे, की वजन टांगून ताणलेले रबर तापवले तर ते लांबत नाही, उलट आखडते. कारखान्यात नवीन आलेल्या पोराला हे सांगितले तर त्याचा विश्वास बसत नाही, कारण लोखंड तापले की वाढते एवढेच त्याला ठाऊक असते.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. रबर ताणायला जितके बळ खर्ची पडते, तितके सोडताना परत मिळत नाही. मधला फरक उष्णता होऊन जातो, त्याला आमच्यात हिस्टेरेसिस म्हणतात. पळणाऱ्या गाडीचा टायर हाताला गरम लागतो तो बराचसा यामुळेच. आणि फार वेळ दाबून किंवा ताणून ठेवलेले रबर सोडल्यावर मूळ मापाला येत नाही. त्याला ‘रबराने सेट घेतला’ असे म्हणतात. सीलची परीक्षाच अशी असते, की रबर जाडीच्या पाव भागाने दाबून ७० अंशांच्या भट्टीत २२ तास ठेवायचे, मग काढून किती परत आले ते मोजायचे. जे परत येत नाही तो सेट.

म्हणून माझे म्हणणे असे, की लांबणीनेही सेट घेतला पाहिजे. पहिल्या रात्री तिप्पट ताणून सोडली, तर सकाळी ती एक मीटर न राहता एक मीटर चार सेंटीमीटर असेल. आणि मग तुमच्याच नियमाप्रमाणे पट्टा मोकळा पडलेला असतानाही त्या खोलीतला काळ बाहेरच्यापेक्षा चार टक्क्यांनी लांबलेलाच राहील. ते चार टक्के कायमचे. घरातल्या कुणाच्या तरी वाट्याला ते येणार.

आता थोडे स्वतःचे सांगतो. ऐन तरुणपणी मी ज्या ठिकाणी होतो तेथे एका मोठ्या ऑर्डरची घाई होती. आमचे जाड सील १५० अंशांवर ठरावीक वेळ शिजायला, म्हणजे साच्यात तापून पक्के व्हायला हवे होते. ढोबळ मानाने दहा अंश वाढवले की शिजण्याचा वेग दुप्पट होतो, तेव्हा मी प्रेसचे तापमान वाढवले, वेळ निम्म्याहून कमी केला आणि पाळीत दुप्पट माल काढून शाबासकीही घेतली. पण रबर उष्णतेचा वाईट वाहक आहे. बाहेरचा थर शिजला होता आणि गाभा कच्चा राहिला होता. सील कापून पाहिले तेव्हा मधोमध बोटाने दाबले की खळगा तसाच राहत होता, मळलेल्या कणकेत राहतो तसा. पण हे कापून पाहणे माल परत आल्यावरचे, आधीचे नव्हे. महिन्याभरात सिलिंडरांतून तेल गळू लागले होते. वाचवलेला वेळ मला मग दोन महिने रात्रपाळी करून फेडावा लागला.

खानापूरची वाचक

काका, तुमचा कणकेसारखा खळगा डोळ्यांसमोर उभा राहिला.

मला एक विचारायचे आहे. माझ्या मुलाकडे सिलिकॉनचा एक उड्या मारणारा लगदा आहे. हळूहळू ओढला की तो पाकासारखा लांबत जातो, झटका दिला की खडूसारखा तुटतो, आणि रात्री टेबलावर गोळा करून ठेवला तर सकाळी पसरून थापीएवढा झालेला असतो. पदार्थ तोच, फक्त आपण त्याला किती वेळ देतो यावर तो घन की द्रव हे ठरते. म्हणजे प्रत्येक पदार्थाला त्याचा स्वतःचा असा काळ असतो का? तसे असेल, तर लांबण बाहेरचा काळ ताणते असे म्हणण्याऐवजी ती स्वतःचा काळ ताणते आणि तिच्या वेढ्यात जो सापडेल त्याला आपल्याबरोबर ओढते, असे म्हणता येईल.

निपाणीकर दादा, मला केल्विन आवडले. लाल दिसणारी बहीण विसरता येणार नाही.

यळ्ळूरचे मास्तर

अक्का, तुम्ही नेमक्या जागी बोट ठेवले. त्या आकड्याला नावही आहे. पदार्थाला सैलावायला लागणारा काळ भागिले आपण त्याच्याकडे पाहण्याचा काळ, याला देबोरा अंक म्हणतात. मार्कस रायनर या शास्त्रज्ञाने १९६४ मध्ये हे नाव बायबलमधील देबोरा या स्त्रीच्या गीतावरून दिले, कारण त्या गीतात परमेश्वरापुढे डोंगर वाहिले असा उल्लेख आहे. पुरेसा वेळ असणाऱ्याला डोंगरही वाहताना दिसतो.

हा स्वतःचा काळ तापमानाने बदलतो. काका ज्या भट्टीविषयी लिहितात, ती एका अर्थी काळाचीच भट्टी आहे. रबर ७० अंशांवर सात दिवस ठेवून ते किती म्हातारे होते हे पाहतात. काकांचाच दहा अंशांचा ढोबळ नियम धरला, तर ३० अंशांवरून ७० वर जाताना वेग चार वेळा दुप्पट होतो, म्हणजे सोळा पट. सात दिवसांत ११२ दिवसांचे म्हातारपण. थंडीत याच्या उलट होते. २८ जानेवारी १९८६ रोजी चॅलेंजर हे अवकाशयान कोसळले, त्यामागे गारठ्याने मंदावलेली रबरी कडी होती. रबर मोडले नव्हते, त्याला पूर्ववत व्हायला वेळ लागत होता. चौकशीच्या वेळी भौतिकशास्त्रज्ञ फाइनमन यांनी त्या रबराचा तुकडा चिमट्यात दाबून बर्फाच्या पाण्यात बुडवला आणि बाहेर काढून सर्वांसमोर सैल केला. तो लगेच उसळला नाही. आता आपली कथानायिका ज्या खोलीत बसली आहे ती आतून गारठत जाते, हे ध्यानात घ्या. पट्ट्याची आतली बाजू थंड आणि बाहेरची उबदार असणार. तो दोन बाजूंनी दोन वेगांनी आखडेल.

आणखी एक मुद्दा, ज्यासाठी मी पुन्हा लिहायला बसलो. पोलाद ताणले की त्यातील अणूंमधले अंतर वाढते, म्हणून ते मागे ओढते. रबराचे तसे नाही. त्यातल्या लांबच लांब साखळ्या विस्कटलेल्या असतात, ताणल्यावर त्या सरळ होतात आणि सोडल्या की पुन्हा विस्कटतात, कारण सरळ असण्याचे मार्ग थोडे आणि विस्कटलेले असण्याचे असंख्य. या विस्कटत जाण्यालाच आपण एन्ट्रॉपी वाढणे म्हणतो. आणि भूतकाळ कोणता व भविष्यकाळ कोणता हे ज्यावरून ओळखता येते, तीही हीच एन्ट्रॉपी. फुटलेले मडके जुळत नाही आणि ताणलेले रबर आखडते, यांचे कारण एकच आहे. काळ ताणण्यासाठी पोलाद किंवा काच न घेता रबर घेतलेत, हे नकळत का होईना, फार बरोबर झाले.

आकड्यांत सांगायचे तर खरे रबर आणि अवकाश-काळ वाकवून धरणारा पदार्थ यांतले अंतर मात्र मोठे आहे. १९८८ मध्ये मॉरिस आणि थॉर्न या भौतिकशास्त्रज्ञांनी दाखवले, की अवकाशातील बोगद्याचे (दोन दूरच्या जागा जोडणाऱ्या काल्पनिक आडवाटेचे) तोंड उघडे धरून ठेवायचे असेल, तर तेथील पदार्थातला ताण त्याच्या वस्तुमानातील ऊर्जेच्या घनतेपेक्षाही अधिक असावा लागतो. चांगले नैसर्गिक रबर २५ मेगापास्कलच्या (मेगापास्कल हे ताण मोजण्याचे एकक) आसपास तुटते. त्या अटीला पोहोचण्यासाठी ते सुमारे तीन लाख कोटी पट बळकट असायला हवे. कथेत जी एक जादू चालेल म्हणालात, ती येथे खर्च करा; बाकी ठिकाणी नको.

वडगावचा मागवाला

तुम्ही सगळे लांबीविषयीच बोलता आहात. आमच्या घरात तीन पिढ्या माग चालला, म्हणून मला रुंदी आधी दिसते.

ताणा, म्हणजे मागावरचे उभे धागे, जास्त ओढून बसवला की कापडाचा पन्हा कमी भरतो. लुगडे मागावर असताना नीट दिसते, उतरवून मोजले की दोन बोटे कमी. धागा लांबीत जे घेतो ते रुंदीत सोडतो. रबराचेही तसेच असणार, काका सांगतीलच. तेव्हा काळ लांबला तर तो कुठेतरी अरुंदही झाला पाहिजे. तिप्पट लांब आणि तेवढाच रुंद असा काळ मला पटत नाही.

आणि लेखनिक, ‘एळे’ हा शब्द ठेवा. आमच्या पेठेत निम्मे बोलणे कन्नडमध्येच चालते. एळे म्हणजे ओढणे आणि धाग्याचा एक पदर म्हणजेही एळेच.

उद्यमबागेतला निवृत्त

मागवाले बरोबर बोलतात. रबर ताणताना त्याचे आकारमान जवळजवळ तेच राहते. लांबी तिप्पट झाली की छेद एकतृतीयांश होतो, म्हणजे रुंदी आणि जाडी प्रत्येकी मूळच्या ५८ टक्के. आमच्या डायची, म्हणजे साच्यांची, मापे काढताना हे गणित बोटांवर असे.

शहापूरचा लेखनिक

मंडळी, तुम्ही सर्वांनी एवढे दिले आहे, की आता कुठले टाकू हाच प्रश्न पडला आहे.

मागवाले मामांचा पन्हा मी सरळ उचलला आहे. लांबण तिप्पट ताणली की खोलीची रुंदी आणि उंची ५८ टक्के होते. दहा फुटांची खोली पावणेसहा फुटांची. बाहेर उभ्या असलेल्या भावाला काहीच फरक दिसत नाही, पण आत बसलेल्या बहिणीला पहिल्याच तासात जाणवते, की उभे राहिले तर छत डोक्याला टेकेल. तिच्याकडे दोन रजया आणि एक कंदील आहे. खिडकी काळी आहे, पण तिच्यावर हात ठेवला तर काच आतून हात ओढून घ्यावी तशी गार लागते. बाहेर भाऊ दोन्ही हातांनी कप्पीची दोरी धरून बसला आहे, पट्टा आतून थंड आणि बाहेरून कोमट आहे, आणि दाराच्या फटीतून येणाऱ्या उजेडाकडे पाहायचे नाही असे त्याने स्वतःला बजावले आहे. मधेच एकदा तो पाहतो.

सेटचे चार टक्केही ठेवले आहेत. त्या खोलीत पुढे आजी झोपते. दिवसाला तिला सुमारे एक तास जास्तीचा मिळतो आणि घरातले सगळे म्हणतात, की म्हातारीला हल्ली झोप लागत नाही.

निपाणीकर दादा, केल्विन एकदाही लिहिणार नाही, शब्द देतो. मास्तर, तीन लाख कोटी हा आकडाही कथेत येणार नाही, पण तो मला ठाऊक असल्यामुळे पट्टा हातात घेताना मुलाचा हात कापणार आहे. देबोराला मात्र या वेळी जागा नाही.

एक गोष्ट राहिली. काकांच्या म्हणण्यावर माझा खरोखरच विश्वास बसला नव्हता, म्हणून काल रात्री खिडकीच्या गजाला एक रुंद रबरबँड बांधले, त्याला कपाटाचे कुलूप टांगले आणि कुलपाच्या खालच्या टोकाशी भिंतीवर पेन्सिलीने रेघ ओढली. पहिल्या पाच मिनिटांत कुलूप आपोआपच रेघेच्या किंचित खाली आले, तेव्हा थांबून दुसरी रेघ ओढली. मग केस वाळवायचे यंत्र लावून रबरावर गरम वारा सोडला. कुलूप वर आले. फार नाही, गव्हाच्या दाण्याएवढे, पण वर. यंत्र बंद केले तसे ते सावकाश खाली उतरले. हे मी सहा वेळा केले.

सातव्या वेळी आई उठून आली आणि कपाटाचे कुलूप खिडकीला का टांगले आहे, असे तिने विचारले. मी तिला रबर ओठांना लावून ताणायला सांगितले. तिने ते हातात घेतले, नाकाजवळ नेले, वास बघितला आणि म्हणाली, की हे कोथिंबिरीच्या जुडीचे आहे, आधी धुऊन आण.

उद्यमबागेतला निवृत्त

कुलूप आधी आपोआप खाली आले, त्याला क्रीप म्हणतात. तेही कथेत घ्या. भावाला रात्रभर दोरी थोडी थोडी आवळत राहावी लागेल, नाहीतर पहाटेपर्यंत हिशेब चुकेल.

शहापूरचा लेखनिक

घेतले, काका. आता तो मधेच डुलकी घेणार आहे.